न्यू जर्सीत येताय? मग आधी टाउनशिपचं राजकारण समजून घ्या

तुम्ही विचारलंय की एच-१बी या नोकरीच्या व्हिसावर एडिसनच्या आसपास येताय, बरोबर बायको आणि पहिलीत जाणारी मुलगी. तर इथला गव्हर्नर म्हणजे आपला मुख्यमंत्रीच का, सरकार बदललं की आपल्याला काय फरक पडतो, आणि काम अडलं तर आमदाराकडे जायचं की नगरसेवकाकडे? बरं झालं विचारलंत. येणारे बहुतेक जण भाडं आणि शाळेचं रेटिंग यापलीकडे जात नाहीत. मी मिडलसेक्स काउंटीत (काउंटी म्हणजे आपल्या जिल्ह्यासारखी, एडिसन हिच्यातच येतं) बरीच वर्षं राहते, म्हणून जरा सविस्तरच लिहिते.

व्हिसा आणि ग्रीन कार्ड आधी बाजूला काढू. त्यातलं काहीच राज्याच्या हातात नाही, ते सगळं वॉशिंग्टनचं. पण ड्रायव्हिंग लायसन्स, शाळा, पोलीस, घरभाड्याचे नियम, विक्रीकर, प्रॉपर्टी टॅक्स, म्हणजे रोज ज्याच्याशी गाठ पडते ते बहुतेक सगळं राज्य, काउंटी आणि टाउन (म्हणजे नगरपालिका) यांच्याकडे.

गव्हर्नरला मुख्यमंत्र्यासारखे अधिकार आहेत, पण तो थेट लोकांतून निवडून येतो आणि विधिमंडळात बसत नाही. त्यामुळे इथे सरकार पडत नाही. २०२२ च्या जूनमध्ये महाराष्ट्रात आमदार फुटले आणि सरकार गेलं, तसं इथे राजधानी ट्रेंटनमध्ये होऊच शकत नाही. कितीही आमदारांनी पक्ष बदलला तरी गव्हर्नर चार वर्षं खुर्चीत. राष्ट्रपती राजवटीसारखं काही नाही. वॉशिंग्टनला राज्य सरकार बरखास्त करता येत नाही. उलट गव्हर्नरचा पक्ष एक आणि विधिमंडळात बहुमत दुसऱ्याचं, असं इथे बरीच वर्षं चाललेलं आहे. माजी गव्हर्नर ख्रिस क्रिस्टी रिपब्लिकन होते आणि त्यांच्या आठही वर्षांत दोन्ही सभागृहं डेमोक्रॅट्सकडे होती.

१९४७ च्या राज्यघटनेने न्यू जर्सीच्या गव्हर्नरला फार ताकद दिली आहे. अ‍ॅटर्नी जनरल बऱ्याच राज्यांत निवडून येतो, इथे गव्हर्नर नेमतो. अर्थसंकल्पातली एखादी रक्कम खोडण्याचाही अधिकार त्याला आहे, आणि तो नकाराधिकार उलटवायला सिनेट या वरच्या सभागृहातले ४० पैकी २७ सिनेटर आणि असेंब्ली या खालच्या सभागृहातले ८० पैकी ५४ सदस्य लागतात. मात्र नेमणुकांना सिनेटची संमती लागते, आणि तिथे एक अलिखित प्रथा आहे: ज्या काउंटीतला माणूस नेमायचा, तिथल्या सिनेटरने अडवून धरलं तर नाव पुढे सरकत नाही. न्यायाधीशांच्या जागा वर्षानुवर्षं रिकाम्या राहतात त्याचं हे एक कारण. लोकांचे खटले तुंबतात आणि कुणालाच जाब द्यावा लागत नाही. मला ही प्रथा अजिबात पटत नाही.

एक तारीख लक्षात ठेवा, ३० जून. तोवर अर्थसंकल्प मंजूर झाला नाही तर १ जुलैला राज्याची कार्यालयं बंद होतात. २००६ मध्ये विक्रीकर ६ वरून ७ टक्के करण्यावरून गव्हर्नर आणि असेंब्लीचं बिनसलं. तपासनीस कामावर नाहीत म्हणून अटलांटिक सिटीचे कॅसिनोसुद्धा बंद ठेवावे लागले. २०१७ मध्येही अर्थसंकल्प अडला आणि कार्यालयं बंद पडली, पण तेव्हा कॅसिनो चालू राहिले. (आता विक्रीकर ६.६२५ टक्के आहे. किराणा आणि रोजचे कपडे यांवर तो नाही.)

आता मुख्य गोष्ट. या छोट्याशा राज्यात २१ काउंट्या आणि ५६४ नगरपालिका आहेत, आणि शाळांचे जिल्हे त्याहून वेगळे मोजायचे. इथे ना जिल्हाधिकारी, ना पोलिसांच्या बदल्या करणारं गृहखातं. तुमच्या रस्त्यावरचा पोलीस टाउनचा नोकर. शाळा चालवणारं बोर्ड बहुतेक ठिकाणी लोकांनी निवडलेलं, तेही टाउन काउन्सिलपासून वेगळं. म्हणून तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर: खड्डा, कचरा, बर्फ, पार्किंग यासाठी टाउन हॉल, शाळेसाठी स्कूल बोर्ड. आमदाराचं ऑफिस राज्याच्या खात्यात कागद अडकला तर उपयोगी पडतं. तिथे मतदार आहात का ते न विचारता मदत करतात, आणि कुणाची ओळख काढून जावं लागत नाही.

शेजाऱ्याकडे प्रॉपर्टी टॅक्सचं बिल असेल तर एकदा मागून बघा. फेब्रुवारी, मे, ऑगस्ट आणि नोव्हेंबरच्या १ तारखेला हप्ता असतो, आणि बिलावर कुणाला किती ते फोडून छापलेलं असतं: काउंटी इतकं, टाउन इतकं, शाळा इतकी. आमच्याकडे निम्म्याहून जास्त पैसा शाळेला जातो. राज्यात सरासरी घराचं वर्षाचं बिल १०,००० डॉलरच्या घरात आहे, देशात सर्वांत जास्त. तुम्ही भाड्याने राहाल तरी घरमालक ते भाड्यातच धरतो. शाळा चांगली हवी आणि टॅक्स कमी हवा, ही ओढाताण म्हणजेच इथलं राजकारण. गरीब शहरांतल्या मुलांना श्रीमंत टाउनइतकीच शाळा मिळावी यासाठीचा अ‍ॅबट विरुद्ध बर्क हा खटला १९८० च्या दशकापासून राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात पुन्हा पुन्हा आला. राज्याकडून कुणाला किती शालेय अनुदान, हा वाद दर वसंतात पेटतो तो त्यातूनच.

उमेदवार कोण ठरवतं? इथे खरा दरारा काउंटीच्या पक्षाध्यक्षांचा. २१ पैकी १९ काउंट्यांत प्राथमिक निवडणुकीच्या (पक्षाचा उमेदवार ठरवणाऱ्या मतदानाच्या) मतपत्रिकेवर पक्षसंघटनेचे सगळे उमेदवार एका ओळीत छापले जायचे आणि बाकीचे कुठेतरी कोपऱ्यात. त्या ओळीत नाव लागलं की निम्मी लढाई जिंकली. २०२४ मध्ये अमेरिकी सिनेटचे उमेदवार अँडी किम यांनी त्याविरुद्ध खटला भरला, मार्चमध्ये न्यायालयाने ती पद्धत थांबवली, आणि किम पुढे निवडून आले. इतक्या वर्षांची मक्तेदारी एका खटल्याने हलली, याचा मला आजही आनंद आहे.

मत नाही म्हणून गप्प बसू नका. काउन्सिलच्या आणि बोर्डाच्या सभा खुल्या असतात. लोकांची वेळ आली की माइकपाशी जायचं, नाव आणि पत्ता सांगायचा आणि ठरलेल्या मिनिटांत बोलायचं. नागरिकत्व कुणी विचारत नाही. आमच्या टाउनमध्ये शाळेजवळच्या चौकात मुलांना रस्ता ओलांडून देणारा क्रॉसिंग गार्ड हवा म्हणून चार आया सलग काही सभांना बोलल्या. त्यांतल्या दोघी डिपेंडंट व्हिसावर होत्या. गार्ड मिळाला. आपल्या माहितीच्या अधिकारासारखा इथे ओप्रा नावाचा कायदा आहे. त्याखाली टाउनकडे कागद मागितला तर साधारणपणे कामाच्या ७ दिवसांत उत्तर द्यावं लागतं. एक मर्यादा मात्र पाळा: एच-१बीवर असताना कुठल्याही उमेदवाराला देणगी द्यायची नाही, केंद्राच्या कायद्याने बंदी आहे. ग्रीन कार्ड झालं की देता येते.

आणि हे कृपया बायकोलाही वाचून दाखवा. लायसन्स मोटर व्हेइकल कमिशनमध्ये निघतं, आणि २०१८ पासून तिथेच, नाकारली नाही तर, मतदार नोंदणीही आपोआप होते. गर्दी असते, खिडकीवरचा माणूस घाईत असतो, आपण येईल त्या कागदावर सही करत सुटतो. तसं करू नका. नागरिक आहात का, या प्रश्नाला स्पष्ट 'नाही' म्हणा आणि सही करण्याआधी प्रत्येक ओळ वाचा. नागरिक असल्याचा खोटा दावा नोंदला गेला तर ग्रीन कार्डचा रस्ता कायमचा बंद होऊ शकतो, मत दिलं तर त्याहून वाईट. चुकून नाव नोंदलं गेलंच तर लगेच इमिग्रेशन वकील गाठा.

घराबद्दल शेवटचं. डिपॉझिट दीड महिन्याच्या भाड्यापेक्षा जास्त मागितलं तर देऊ नका, राज्याचा कायदा तुमच्या बाजूने आहे. पोस्टाच्या पत्त्यावर जाऊ नका: पत्त्यात केंडॉल पार्क किंवा मॉनमथ जंक्शन असलं तरी टाउन बहुतेक ठिकाणी साउथ ब्रन्सविक असतं, आणि शाळा टाउनप्रमाणे मिळते. एडिसनमध्येही दोन हायस्कूलं आहेत आणि कुठल्या गल्लीतली मुलं कुठे जाणार ते ठरलेलं आहे. लीजवर सही करण्याआधी घर क्रमांक सांगून स्कूल बोर्डाच्या ऑफिसात फोन करा, ते लगेच सांगतात.