प्रतिध्वनीसारखं जाऊन यायचं

प्रश्न : ताई, माझं वय ५३. सासरे अंथरुणाला खिळून चार वर्षं झाली, त्यांचं सगळं मीच बघते. पुढच्या महिन्यात माझा भाऊ एक दिवस आमच्याकडे राहायला येतोय, पहाटे पाचपासून रात्री अकरापर्यंत. लग्नाआधीपासून मला एक शहर बघायचंय. सकाळी ६.०५ ची गाडी ९.५५ ला तिथे पोचते. परतीची संध्याकाळी ६.२० ची, ती रात्री १०.१० ला इथे येते. त्यानंतरची ८.४० ची शेवटची, ती मध्यरात्री साडेबाराला पोचवते. घरातले म्हणतात, जवळजवळ आठ तास गाडीत बसून येण्यापेक्षा घरी झोप काढ. जाऊ का? आणि गेले तर काय काय बघू? यादीत सध्या अकरा ठिकाणं आहेत.

उत्तर : जा. नक्की जा.

तुमचं पत्र मी तीनदा वाचलं, कारण अकरा वर्षं मीही असाच प्रवास केला. आईला रात्री एकटं ठेवता येत नव्हतं. दिवसा शेजारच्या मावशी बसायच्या, पण दिवेलागणीनंतर तासा-दोन तासांत मी घरात लागायचे. त्यामुळे त्या काळात पाहिलेलं प्रत्येक शहर मी पहाटेच्या गाडीने जाऊन रात्रीच्या गाडीने परत येत पाहिलं. एकदाही कुठे मुक्काम केला नाही.

आठ तास गाडीत बसणं वाया जातं असं ज्यांना वाटतं, त्यांना एक गोष्ट सांगा. १९५८ साली जपानमध्ये तोक्यो आणि ओसाका यांच्यामध्ये एक नवी गाडी सुरू झाली. साधारण साडेपाचशे किलोमीटरचं अंतर ती ६ तास ५० मिनिटांत कापायची. सकाळी निघून रात्री परत यायचं, तर ओसाकाला हातात जेमतेम दोन तास उरायचे. तरी एका दिवसात जाऊन येता येतं याचंच लोकांना अप्रूप होतं. म्हणून गाडीचं नाव ठेवलं 'कोदामा', म्हणजे प्रतिध्वनी. हाक जाते आणि लगेच परत येते, तशी. पुढे १९६४ च्या ऑक्टोबरात शिंकान्सेन ही अतिवेगवान गाडी आली आणि तोच प्रवास चार तासांवर आला. तुम्हाला तर दोन नव्हे, साडेआठ तास मिळताहेत.

पण ते साडेआठ तास तुमचे नाहीत, हे आधी नीट समजून घ्या. मी वहीत असा हिशेब मांडायचे. ९.५५ ला गाडी लागली की फलाटावरून बाहेर पडणं, दिशा समजून घेणं आणि जुन्या वस्तीपर्यंत पोचणं यात पाऊण तास जातो. जुन्या शहरांत रेल्वे बहुधा वस्तीच्या कडेला येऊन थांबली आहे. लंडनमध्ये तर १८४६ मध्ये एका सरकारी आयोगाने रेल्वेला शहराच्या गाभ्यात येऊ देऊ नये असं सुचवलं, म्हणून तिथली मोठी स्थानकं आजही गाभ्याभोवती कड्यासारखी पसरलेली दिसतात. तेव्हा स्थानकाबाहेर पाऊल टाकलं म्हणजे शहरात आलो, असं धरू नका. संध्याकाळी परत येण्याचा वेळ आणि अर्ध्या तासाची सवड मिळून आणखी पंचावन्न मिनिटं. जेवण आणि शांत बसणं याला एक तास, आणि तो कापू नका. राहतात पावणेसहा तास.

पावणेसहा तासांत अकरा ठिकाणं होत नाहीत. सपाट रस्त्यावर माणूस तासाला चार-पाच किलोमीटर चालतो, पण बघत, थांबत, मागे वळत चालताना दोन किलोमीटरही होत नाहीत. मी सुरुवातीला एकदा नऊ ठिकाणांची यादी घेऊन गेले होते. सगळी झाली. रात्री आईने विचारलं, "नदी स्टेशनाच्या कुठल्या हाताला होती गं?" मला सांगता येईना. दिवसभरात दोनदा पूल ओलांडला होता मी. आई पाच वर्षांत खोलीबाहेर पडली नव्हती, ती डोळे मिटून माझ्याबरोबर चालू बघत होती, आणि मला तिला पहिलं वळणसुद्धा देता आलं नाही. त्या रात्रीपासून मी याद्या सोडल्या.

तुमच्या अकरातून तीन ठेवा. एक आतलं, म्हणजे संग्रहालय किंवा जुना वाडा किंवा देऊळ. एक वस्ती, जिच्या गल्ल्यांतून नुसतं चालायचं. आणि एक उंच किंवा मोकळी जागा, टेकडी, बुरूज, नदीकाठ, जिथून शहर एकत्र दिसेल. आतलं आधी उरका. पहाटे चारला उठलेल्या माणसाचं लक्ष दुपारी दोननंतर टिकत नाही. दालनं डोळ्यांपुढून जातात पण मनात काही उतरत नाही. गल्ल्या दुपारी चालतील. आणि यातलं जे सर्वांत लांब असेल तिथे वाहनाने पहिल्यांदा जा, मग स्थानकाच्या दिशेने सरकत या. असं केलं की वेळ पुढे जाईल तसं अंतर कमी होत जातं आणि चार वाजल्यापासून घड्याळाकडे बघावं लागत नाही.

जायच्या आधी दोन गोष्टी पक्क्या करा. पहिली, सुटीचा वार. पॅरिसमध्ये लूव्र मंगळवारी बंद असतं आणि नदीपलीकडचं ओर्से सोमवारी. एकाच शहरातली दोन मोठी संग्रहालयं, दोघांचे वार वेगळे. (ओर्से मुळात रेल्वेचं स्थानक होतं, १९०० साली बांधलेलं. पुढे गाड्या लांब होत गेल्या, फलाट आखूड पडले, आणि १९८६ पासून तिथे चित्रं आहेत. गाडीने जाणाऱ्या माणसाने बघावी अशी ती जागा आहे.) दुसरी गोष्ट, सूर्यास्त. महिना तुमच्या भावाने ठरवला आहे, पण तरी बघा. विषुववृत्तापासून जितकं दूर तितका फरक मोठा. लंडनमध्ये जूनच्या शेवटी सूर्य रात्री सव्वानऊनंतर मावळतो, डिसेंबरात दुपारी चारच्याही आधी. उंचावरची जागा अंधारात गाठण्यात अर्थ नाही.

आता गाडीतले तास. जाताना नकाशा हाताने काढा. पोस्टकार्डाएवढा कागद पुरे. स्थानक, नदी, मुख्य रस्ता, तुमच्या तीन जागा, उत्तर दिशा. पाच-सहा रेघा. फोनमध्ये नकाशा असतो हे मला ठाऊक आहे, पण हाताने काढलेली रेघ डोक्यात बसते आणि तुम्ही मान वर करून चालता. येताना पहिल्याच तासात लिहून काढा, नंतर झोप लागते. मी क्रमाने लिहायचे, फलाटापासून फलाटापर्यंत, कुठे डावीकडे वळले, कुठे सावली होती, कुठल्या दाराला काय रंग होता. आईला तसंच ऐकायचं असायचं. ती मध्येच थांबवून विचारायची, "म्हणजे आता ऊन आपल्या पाठीवर आहे ना?" आई गेली त्याला सहा वर्षं झाली. वह्या आहेत. तुमच्या सासऱ्यांना ऐकायला आवडत असेल तर त्यांच्यासाठीही लिहा.

शेवटचं आणि सर्वांत महत्त्वाचं. ६.२० चीच गाडी धरायची. शेवटच्या गाडीच्या भरवशावर दिवस आखू नका, ती राखीव ठेवा. ६.२० काही कारणाने हुकली किंवा रद्द झाली तर ८.४० आहे, हा आधार मोठा असतो. पण मग भावाला आजच सांगून ठेवा की एखादवेळी साडेबारापर्यंत थांबावं लागेल. त्याने 'हो' म्हटलं की तुमच्या मनावरचं अर्धं ओझं उतरेल. सासऱ्यांची रात्रीची औषधं वेळेनुसार लिहून, डब्यांत वेगळी काढून ठेवा. आणि दिवसातून दोनदाच घरी फोन करायचा, असं ठरवून टाका. मी दर तासाला करायचे. आईनेच एकदा सांगितलं, फोन ठेव आणि बघ.

प्रश्न : आम्ही चार मित्र, कॉलेजात शिकतो. एका दिवसात जाऊन यायचं ठरवलंय, पण मध्ये गाडी बदलावी लागते. दोन गाड्यांमध्ये १२ मिनिटं आहेत. पुरतील का?

उत्तर : दोन्ही गाड्यांचं तिकीट एकच आहे की वेगवेगळं, हे आधी बघा. सगळं त्यावर अवलंबून आहे. एकाच तिकिटावर संपूर्ण प्रवास असेल तर पहिली गाडी रखडल्यावर पुढची जबाबदारी बऱ्याच ठिकाणी रेल्वेवर येते. युरोपीय संघाच्या नियमांत तर मुक्कामी पोचायला तासभर किंवा जास्त उशीर होणार असं दिसलं, तर प्रवास सोडून पैसे परत मागता येतात आणि निघालात तिथे परत पोचवण्याचीही मागणी करता येते. तिकिटं सुटी असतील तर दुसऱ्या गाडीला तुमच्याशी काही देणंघेणं नसतं. ती निघून जाते.

१२ मिनिटं त्याच फलाटावर पुरतात, शेजारच्या फलाटावरही पुरतात. पूल चढून उतरायचा असेल, गर्दी असेल, तर नाही. जाताना धोका पत्करलात तर फार तर तासभर जाईल. येताना पत्करू नका, तिथे किमान पाऊण तास ठेवा.

आणि स्थानकाचं नाव अक्षर न् अक्षर वाचा. मोठ्या शहरांना स्थानकं अनेक असतात आणि नावं फसवतात. 'गार द लिओं' लिओं शहरात नाही, पॅरिसमध्ये आहे, लिओंकडे जाणाऱ्या गाड्यांचं म्हणून ते नाव पडलं. मॉस्कोतल्या स्थानकांचंही तसंच. शिंकान्सेन ओसाका स्थानकात जात नाही, शिन-ओसाकाला थांबते, आणि तिथून शहराच्या मध्यभागी यायला दुसरी गाडी घ्यावी लागते. एका गाडीतून उतरून दुसरी पकडायची ती त्याच इमारतीतून सुटते ना, एवढं चौघांपैकी एकाने आज बघून ठेवा.

प्रश्न : वडील ७४ वर्षांचे. त्यांना घेऊन दिवसभराचा प्रवास करायचा आहे. गाडी लागते त्यांना, उन्हाचाही त्रास होतो. जागा कुठली घ्यावी?

उत्तर : डब्याच्या मधली. चाकं दोन्ही टोकांजवळ असतात, तिथे हादरे आणि आवाज जास्त. तोंड गाडीच्या दिशेला हवं आणि नजर दूरवर, क्षितिजाकडे. फोनमध्ये किंवा वर्तमानपत्रात मान घालून बसलं की मळमळ लवकर होते. वाटेत गाडीची दिशा बदलणारं एखादं स्थानक आहे का तेही विचारून घ्या. तिथे पुढे तोंड असलेली माणसं अचानक पाठमोरी होतात.

उन्हासाठी दिशेचा हिशेब करा. तुम्ही सकाळी उत्तरेकडे निघालात तर सूर्य पूर्वेला, म्हणजे तुमच्या उजव्या हाताला. संध्याकाळी दक्षिणेकडे परत येताना सूर्य पश्चिमेला, म्हणजे पुन्हा उजव्याच हाताला. दोन्ही वेळा डावीकडची खिडकी घ्या. जायचं दक्षिणेला असेल तर याच्या उलट, दोन्ही वेळा उजवीकडची. हे मी वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवलं होतं आणि अकरा वर्षांत ते फार उपयोगी पडलं.

शहरात पोचल्यावर वडिलांना चालवू नका. एकच जागा निवडा, जिथे बसायला बाकं आणि जवळ स्वच्छतागृह आहे, आणि तिथे तीन तास बसा. बसलेल्या माणसालाही शहर दिसतं.

प्रश्न : मी चौथीत आहे. आम्ही एका दिवसासाठी गाडीने दुसऱ्या गावाला जाणार आहोत. आई म्हणते, परत येताना अर्धा तास आधी स्टेशनवर जायचं. पण स्टेशनवर घड्याळ असतं ना, मग एवढं आधी का?

उत्तर : छान विचारलंस. आधी घड्याळाची गंमत ऐक. रेल्वे आली तेव्हा प्रत्येक गावाची वेळ वेगळी होती, आपापल्या सूर्याप्रमाणे. इंग्लंडमध्ये ब्रिस्टलची वेळ लंडनच्या दहा मिनिटं मागे होती. गाड्यांचा घोळ व्हायला लागला, म्हणून रेल्वेने सगळीकडे लंडनची वेळ धरली. ब्रिस्टलमधल्या एका जुन्या बाजाराच्या इमारतीवर अजून असं घड्याळ आहे ज्याला दोन मिनिटकाटे आहेत, एक गावाचा आणि एक लंडनचा.

फ्रान्समध्ये तर १९११ पर्यंत स्टेशनाबाहेरचं घड्याळ बरोबर असायचं आणि आतलं मुद्दाम पाच मिनिटं मागे ठेवलेलं, म्हणजे धावतपळत येणाऱ्यांना गाडी मिळावी.

आता तसं करत नाहीत. उलट काही देशांत गाडी सुटायच्या दोन मिनिटं आधीच दारं बंद होतात. म्हणून आईचं बरोबर आहे. आणि तो अर्धा तास नुसता बसून घालवू नकोस. फलाटाच्या टोकाला जायचं नाही, पण मधे आईजवळ उभं राहून येणाऱ्या गाडीचे डबे मोज. तुमच्या गाडीला किती डबे होते आणि तुमचा कितवा, ते मला पत्रात कळव.