वाचकांचे प्रश्न : मानसशास्त्रज्ञांची आयुष्यं आणि त्यांचे प्रयोग

प्रश्न : एबिंगहाउसच्या ‘विस्मरणाच्या वक्रा’नुसार माणूस शिकलेल्यापैकी ६६ टक्के भाग एका दिवसात विसरतो, असं एका प्रशिक्षणात सांगितलं गेलं. हे खरं आहे का? आणि हा प्रयोग घरी करता येईल का?

उत्तर : आकडा त्यांच्या प्रयोगातूनच आलेला आहे, अर्थ मात्र नंतरच्यांनी चिकटवलेला. किती आठवतं हे जर्मन मानसशास्त्रज्ञ हेर्मान एबिंगहाउस यांनी मोजलंच नव्हतं. एकदा पाठ केलेली यादी काही काळाने पुन्हा पाठ करताना किती वेळ वाचतो, हे त्यांनी मोजलं. समजा पहिल्यांदा २० मिनिटं लागली आणि दुसऱ्या दिवशी १३, तर ७ मिनिटं वाचली, म्हणजे बचत ३५ टक्के. त्यांची स्वतःची बचत २० मिनिटांनंतर ५८ टक्के होती, तासाभराने ४४, एका दिवसाने ३४, सहा दिवसांनी २५ आणि ३१ दिवसांनी २१ टक्के. यादीतलं काहीही आठवत नसतानासुद्धा बचत बऱ्यापैकी निघू शकते, त्यामुळे ‘उरलेलं सगळं विसरलं’ असा हिशेब यातून काढता येत नाही. शिवाय या याद्या अर्थहीन अक्षरगटांच्या होत्या. बायरनच्या कवितेची कडवी पाठ करायला त्याच्या साधारण दहावा हिस्सा श्रम पुरतात, हे त्यांनी स्वतःच नोंदवून ठेवलं आहे. प्रशिक्षणांमध्ये नेमका हाच भाग गाळला जातो.

प्रयोगाचं हे रूप त्यांच्या परिस्थितीतून आलं. १८७९ मध्ये त्यांनी सुरुवात केली तेव्हा त्यांच्याकडे ना प्रयोगशाळा होती, ना विद्यापीठातली नोकरी. प्रयोग करणारे तेच आणि ज्याच्यावर प्रयोग करायचा तेही तेच. स्वतःचीच परीक्षा घेताना ‘आठवल्यासारखं वाटतंय’ या भावनेवर विसंबता येत नाही, घड्याळावर येतं. ‘बचत’ हे माप त्यामुळे फार चपखल ठरलं. १८८३-८४ मध्ये त्यांनी बरेचसे प्रयोग पुन्हा केले आणि १८८५ मध्ये पुस्तक छापलं.

घरी करायचं तर व्यंजन-स्वर-व्यंजन असे गट बनवा : खूज, टोब, गीफ. ज्यांना अर्थ आहे ते काढून टाका. त्यांच्याकडे असे सुमारे २३०० गट होते; तुम्हाला दोन-तीनशे पुरतील. चिठ्ठ्या मिसळून १३-१३ गटांच्या याद्या करा. ताल धरायला मिनिटाला १५० ठोके हा त्यांचा वेग होता आणि प्रत्येक ठोक्याला एक गट. नवख्याला हा वेग झेपत नाही, त्यामुळे १०० ठेवला तरी चालेल, पण शेवटपर्यंत तोच ठेवा. यादी सलग दोनदा बिनचूक म्हणता आली की ती पाठ झाली असं धरा आणि तोवर लागलेले सेकंद लिहा.

प्रयोग फसतो तो बहुधा तीन ठिकाणी. पहिली चूक म्हणजे एकच यादी तासाने, मग दिवसाने, मग आठवड्याने तपासणं. प्रत्येक तपासणीत ती यादी नव्याने पक्की होते, म्हणून एका यादीवर एकच कालावधी तपासायचा. दुसरी चूक सरावाची. सुरुवातीच्या काही दिवसांत पाठ करण्याचा वेग आपोआप वाढतो आणि ती वाढ बचतीत मिसळते. पहिल्या दहा-बारा याद्या हात बसवण्यासाठी वापरून टाकून द्या. तिसरी चूक वेळेची : सकाळी पाठ केलेलं रात्री थकल्यावर तपासलं तर थकवासुद्धा विस्मरणाच्या खात्यात जमा होतो. दिवसाची कोणती वेळ आहे याने किती फरक पडतो, याचा विचार एबिंगहाउस यांनीही केला होता.

प्रश्न : मानसशास्त्राचा जन्म १८७९ मध्ये लाइपझिगला झाला असं सगळीकडे लिहिलेलं असतं. त्या वर्षी नेमकं काय घडलं?

उत्तर : ना उद्घाटन झालं, ना फीत कापली गेली. जर्मन मानसशास्त्रज्ञ विल्हेल्म वुंट १८७५ मध्ये लाइपझिगला आले. उपकरणं ठेवायला एक खोली त्यांना १८७९ च्या आधीच मिळाली होती. १८७९-८० च्या हिवाळी सत्रात माक्स फ्रीडरिख या विद्यार्थ्याने तिथे प्रबंधासाठी प्रतिक्रियाकालाचे (खूण मिळाल्यापासून प्रतिसाद देईपर्यंत लागणाऱ्या वेळाचे) प्रयोग सुरू केले, एवढाच त्या तारखेचा आधार. विद्यापीठाची रीतसर मान्यता आली ती १८८३ मध्ये. तिकडे हार्वर्डला विल्यम जेम्स १८७५ पासून वर्गात दाखवण्यापुरती उपकरणं वापरत होते. तरीही लाइपझिगचा मान आम्हाला रास्त वाटतो, कारण विद्यार्थ्यांनी येऊन संशोधन करायचं आणि पदवी घेऊन जायचं ही व्यवस्था तिथे बसली.

त्या खोलीतलं महत्त्वाचं यंत्र म्हणजे हिपचा क्रोनोस्कोप. वजनावर चालणारं हे घड्याळ सेकंदाचा हजारावा भाग दाखवत असे. घड्याळ आधीच फिरत ठेवायचं. उद्दीपक (प्रतिसाद देण्याची खूण, जसं आवाज किंवा प्रकाश) दिला की विद्युतचुंबक काट्यांना चालत्या चाकाशी जोडतो आणि माणसाने कळ दाबली की सोडवतो. अडचण चुंबकाचीच होती. त्याला ओढायला आणि सोडायलाही वेळ लागतो आणि तो विद्युतप्रवाहाच्या जोरावर अवलंबून असतो. बॅटरी उतरली की माणूस तोच, काम तेच, पण आकडा वेगळा. म्हणून ठरावीक वेळात पडणारा हातोडा वापरून यंत्र पुन्हा पुन्हा जुळवून घ्यावं लागे. त्या काळातले प्रतिक्रियाकालाचे आकडे वाचताना ही जुळवणी किती वेळा केली होती, हे आधी शोधा.

प्रश्न : मेरी कॉल्किन्स यांना हार्वर्डची डॉक्टरेट मिळाली की नाही? दोन ठिकाणी दोन उत्तरं सापडली.

उत्तर : मिळाली नाही. १८९५ मध्ये तिथल्या प्राध्यापकांनी त्यांची अनौपचारिक परीक्षा घेतली आणि त्या पदवीला पूर्ण पात्र आहेत असा निर्वाळा दिला. त्या स्त्री होत्या, म्हणून विद्यापीठाने नकार दिला. १९०२ मध्ये त्याऐवजी रॅडक्लिफ या स्त्रियांच्या महाविद्यालयाची डॉक्टरेट देऊ केली गेली, तेव्हा त्यांनीच ती नाकारली; काम हार्वर्डमध्ये केलं होतं, रॅडक्लिफमध्ये नाही. तुम्हाला सापडलेला घोळ बहुधा या देऊ केलेल्या पदवीमुळे झाला असावा. १९०५ मध्ये त्या अमेरिकन सायकॉलॉजिकल असोसिएशनच्या पहिल्या स्त्री अध्यक्ष झाल्या.

पण हा अन्याय सांगून लेख संपतात आणि त्यांचं काम मागे राहतं, याचं वाईट वाटतं. जोड्यांची पद्धत त्यांनी रूढ केली : आधी रंग आणि त्याच्यासोबत अंक दाखवायचा, मग नुसता रंग दाखवून अंक विचारायचा. जोडी वारंवार आली, सर्वांत शेवटी आली, सर्वांत आधी आली किंवा ठळक दिसली, तर यातलं काय जास्त टिकतं हे त्यांनी एकेक घटक वेगळा करून तपासलं. वारंवारता सर्वांत प्रभावी ठरली. ही पद्धत आजही वापरली जाते, बहुतेकदा त्यांचं नाव न घेता.

प्रश्न : ‘लिटल अल्बर्ट’ प्रयोगात एका बाळाच्या मनात मुद्दाम निर्माण केलेली भीती नंतर का घालवली गेली नाही? वॉटसन यांची नोकरी गेली म्हणून का?

उत्तर : तारखा जुळत नाहीत. हा प्रयोग करणारे अमेरिकन मानसशास्त्रज्ञ जॉन वॉटसन आणि त्यांच्या सहायक रोझली रेनर यांचा लेख १९२० च्या सुरुवातीला छापला गेला. दोघांच्या प्रेमसंबंधांवरून वॉटसन यांना जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठ सोडावं लागलं ते त्याच वर्षाच्या शरद ऋतूत. बाळ त्याच्या कितीतरी आधी रुग्णालयातून गेलं होतं आणि ते जाणार हे प्रयोग करणाऱ्यांना सुमारे महिनाभर आधीपासून माहीत होतं. म्हणूनच या प्रयोगाला माफी नाही.

पुरावा म्हणूनही तो दुबळा आहे. बाळ अकरा महिन्यांचं असताना पांढरा उंदीर दाखवून मागे पोलादी कांबीवर हातोडा मारला गेला. पहिल्या दिवशी दोनदा, आठवड्याने पाच वेळा. मग ससा, कुत्रा आणि फरचा कोट दाखवल्यावरही ते रडलं. पण भीती ओसरू लागल्यावर आवाज पुन्हा दिला गेला, आणि तोही ससा व कुत्रा यांच्या जोडीने. त्यानंतर सशाला घाबरणं म्हणजे उंदराची भीती सशावर पसरली, असं म्हणताच येत नाही. एकच बाळ, तुलनेला दुसरं कोणी नाही. अंगठा तोंडात असला की बाळ घाबरत नसे, हेही त्याच लेखात आहे.

भीती घालवण्याचं काम १९२४ मध्ये मेरी कव्हर जोन्स यांनी मांडलं. पीटर हा दोन वर्षं दहा महिन्यांचा मुलगा सशाला घाबरायचा. तो आवडीचं खात असताना पिंजऱ्यातला ससा दूर ठेवायचा आणि दिवसागणिक थोडा थोडा जवळ आणायचा. न घाबरणारी मुलंही सोबत असत. यात अंतर फार सांभाळावं लागतं. ससा घाईने जवळ आणला तर भीती जाण्याऐवजी खाणंच नकोसं होतं. मध्ये पीटर दोन महिने आजारी होता आणि एका मोठ्या कुत्र्याने त्याला घाबरवलं. भीती परत पहिल्या पायरीवर आली आणि सगळं पुन्हा करावं लागलं.

प्रश्न : खूण मिळताच कुत्र्याला लाळ सुटते, या प्रयोगात रशियन शास्त्रज्ञ पावलोव्ह यांनी घंटा वापरलीच नव्हती, हे खरं का?

उत्तर : वापरली होती, पण मेट्रोनोम (ठरावीक तालात टकटक करणारं यंत्र), बझर, दिवे आणि त्वचेला स्पर्श यांच्यावर भर अधिक होता, कारण त्यांचा वेग आणि जोर नेमका ठरवता येतो. उद्दीपक आधी आणि अन्न लगेच नंतर, हा क्रम पाळावाच लागतो. उलट केलं तर अभिसंधान, म्हणजे उद्दीपक आणि अन्न यांची सांगड बसून नुसत्या उद्दीपकानेही लाळ सुटणं, जवळजवळ होतच नाही. दुसरा धोका बाहेरच्या आवाजांचा. प्रयोग करणाऱ्याची पावलं ऐकूनही कुत्र्याला लाळ सुटते, म्हणून जाड भिंतींची खास इमारत बांधून घेतली होती. १९२४ च्या लेनिनग्राडच्या पुरात कुत्रे पाण्यात अडकले. वाचवल्यानंतर त्यांच्यातल्या काहींचे शिकलेले प्रतिसाद नाहीसे झाले होते. एरवी धीट असणाऱ्या आणि भित्र्या कुत्र्यांवर या धक्क्याचा परिणाम वेगवेगळा का होतो, हा प्रश्न पावलोव्ह यांनी पुढे बराच काळ लावून धरला.