टीव्हीवर मुलाखतीला येणारे अनोळखी 'तज्ज्ञ' पैसे भरून येतात का?

"किती भरले रे?" हेच मला माझ्या साडूने लग्नाच्या पंगतीत, भर गर्दीत विचारलं होतं. म्हणून लिहायला बसलोय, नाहीतर टीव्हीशी माझा संबंध चार मुलाखतींपुरता.

नाही भरले. एक रुपया नाही. मिळालाही नाही, तासगावहून मुंबईचं ट्रॅव्हल्सचं तिकीट माझ्याच खिशातून.

2019 ला ऑक्टोबर संपत आला तरी पाऊस जायचं नाव घेईना. आगाप, म्हणजे लवकर छाटलेल्या द्राक्षबागा ऐन फुलोऱ्यात सापडल्या, दावण्या रोगाने घड डोळ्यांदेखत कुजले. एका वाहिनीला बोलणारा बागायतदार हवा होता. तालुक्याच्या वार्ताहराने माझा नंबर दिला, का तर मी फोन उचलतो. एवढंच माझं पांडित्य. स्टुडिओत बसलो तर नावाखाली पट्टी 'द्राक्षतज्ज्ञ'! तीन एकर बाग आहे हो माझी. आमच्याच तालुक्यातल्या बोरगावच्या वसंतराव आर्वेंनी थॉम्पसन द्राक्षातून तास-ए-गणेश ही जात निवडून काढली, त्यांना म्हणा तज्ज्ञ. पण पट्टी बदलायला कोणाला सांगणार, तोवर दिवे लागले होते.

निवेदिकेचा पहिलाच प्रश्न: "वर्षातून दोनदा छाटणी म्हणजे पीकही दोनदा येत असेल ना?" मी सांगू लागलो, एप्रिलची खरड छाटणी काडीसाठी, म्हणजे नव्या फांदीसाठी, घड त्या काडीच्या डोळ्यात, म्हणजे कोंबात तेव्हाच ठरतो, ऑक्टोबरची छाटणी त्याला फक्त बाहेर काढते. म्हणजे ऑक्टोबरात घड गेला की अख्खं वर्ष गेलं, खर्च मात्र दोन्ही छाटण्यांचा. हे शेवटचं वाक्य तोंडातच राहिलं. तिच्या कानात कोणीतरी काहीतरी बोललं आणि पडद्यावर मंत्र्यांचा दौरा सुरू. बारा मिनिटं ठरली होती, चार मिळाली. साडूने बघितलं ते हेच, मी तोंड उघडं ठेवून बसलेला.

माझं स्पष्ट मत, वाहिनीला जाणकार नको असतो, वेळेवर पोहोचणारा हवा असतो. एकदा वेळेवर गेलात की पुढच्या अवकाळीलाही फोन तुम्हालाच. माझ्या बाकीच्या तीन मुलाखती अशाच झाल्या.

आता हेही खरं, की पैसे मोजून अर्धा तास विकत घेणारेही असतात. औषधवाले, ज्योतिषी, क्लासवाले. कोपऱ्यात बारीक अक्षरात 'प्रायोजित' दिसलं की समजायचं. तुम्ही बघितलेला एखादा 'तज्ज्ञ' त्यातला होता का, ते मी इथून कसं सांगू?

तुम्हाला कधी बोलावलं तर बारीक चौकटीचा शर्ट घालू नका, पडद्यावर तो नाचतो. सगळ्यात महत्त्वाचं वाक्य पहिल्या उत्तरातच, प्रश्न काही का असेना, बोलून टाका. आणि नातेवाइकांच्या ग्रुपवर क्लिप टाकू नका. ज्याची बाग आपल्या सल्ल्यावर वाचली तोच आधी विचारतो, किती भरले.