कॉम्प्युटर येण्याआधी बँकेतून पैसे काढायला एवढा वेळ का लागायचा?

कारण तुम्ही बाकावर बसायचात आणि तुमचा चेक टेबलं फिरायचा. मी तेव्हा सांगलीत गणपती पेठेजवळच्या एका शाखेत क्लार्क होतो. चेक दिला की नंबर कोरलेलं पितळी टोकन मिळायचं. लेजरवाला, म्हणजे खातेवही सांभाळणारा क्लार्क, दोन हातांनी उचलायचं ते बाड उघडून तुमचं पान काढी, शिल्लक बघून रक्कम नावे टाकी, म्हणजे खात्यातून वजा करी. मग ऑफिसर नमुना सहीच्या कार्डाशी सही ताडून बघायचे. साहेब चहाला गेले असतील तर चेक तिथेच. शेवटी कॅशियर टोकन पुकारायचा.

खरी परीक्षा शटर ओढल्यावर. रोख जुळली म्हणजे सुटका नव्हे, व्हाउचरं (व्यवहारांच्या चिठ्ठ्या), स्क्रोल (दिवसभराच्या व्यवहारांची यादी), डे-बुक (रोजची नोंदवही) सगळ्यांच्या बेरजा जमायला हव्यात. फरकाला ९ ने भाग गेला, तर बहुधा आकडे उलटे पडलेले. हळदीच्या हंगामात एकदा १८ रुपयांसाठी रात्री नऊपर्यंत बसलो. शेवटी सापडलं, कुणीतरी ६४ चे ४६ लिहिले होते. (आमचाच एक जण. नाव नको.)

सहामाहीला तर प्रत्येक सेव्हिंग खात्याचं व्याज हाताने काढायचं. १० तारखेपासून महिनाअखेरपर्यंतच्या सगळ्यात कमी शिल्लकेवर ते मिळे, त्यामुळे जाणते खातेदार १० च्या आत भरणा करायचे. हा नियम कॉम्प्युटर आल्यावरही मार्च २०१० पर्यंत टिकला.