आधी विहीर मोज

बेटा,

तुझं पत्र वाचलं. कोळशाची खाण येणार, एकरी भाव चांगला मिळणार, घरटी नोकरी लागणार, असं गावात सगळे बोलतात, आणि तू विचारतेस की सही करायची की विरोध? त्याच्याही आधी एक काम कर. दोराला दगड बांध आणि तुमच्या वावरातली विहीर मोज.

पाणी किती हातांवर आहे ते तारखेसह वहीत लिही. दर पंधरवड्याला लिही, शेजाऱ्यांच्या विहिरींचंही लिही आणि वर्षातून दोनदा ग्रामसभेपुढे ठेव. उघड्या खाणीत झिरपणारं पाणी रात्रंदिवस उपसावं लागतं. खाणीचा तळ आपल्या विहिरींच्या कितीतरी खाली, त्यामुळे भोवतालचं पाणी तिकडेच ओढलं जातं. आमच्या विहिरी आटल्या तेव्हा खाणीचे साहेब म्हणाले, पाऊस कमी झाला. आधी पाणी किती होतं, हे सांगणारा एक कागद आमच्याकडे नव्हता. त्याची सल अजून जात नाही.

मग सातबारा बघ. विहीर, बोअर, संत्र्याची झाडं, धुऱ्यावरचा मोह, सगळ्याची नोंद करून घे, बहिणींची नावंही. कोळशासाठी जमीन बहुतेक १९५७ च्या वेगळ्या कायद्याने घेतात. त्यातली कलम ७ ची, म्हणजे जमीन घेण्याचा इरादा जाहीर करणारी अधिसूचना राजपत्रात निघाली की हरकतीला फक्त ३० दिवस. दवंडीची वाट पाहत बसू नकोस.

एकदा चंद्रपूरला जाऊन इरई नदीकाठचे मातीचे डोंगर बघून ये. कोळशावरची माती काढून असे ढीग घालतात. पऱ्हाटी पिकवणारी काळी माती त्यांतच गाडली जाते. परतताना घुग्घुसला थांब. २०२२ च्या ऑगस्टमध्ये तिथे एक अख्खं घर जमिनीत गेलं. खाली जुन्या भूमिगत खाणीची पोकळी होती. कोळसा काढून झाला तरी गावाला त्या जमिनीवरच राहायचं असतं.

आणि ज्यांचा सातबाराच नाही त्यांचं काय? बटईने वावर करणारा, ढोरं चारणारा, कापूस वेचून घर चालवणाऱ्या बाया. वावरं गेली की त्यांचा रोज बुडतो, पण मोबदल्याच्या यादीत त्यांचं नाव नसतं. २०१५ पासून जिल्हा खनिज प्रतिष्ठानात, म्हणजे खाणवाल्यांकडून घेतलेल्या रकमेच्या जिल्हा निधीत, बाधितांसाठी पैसा जमा होतो. तो मागताना यांची नावं हातात हवीत.

रविवारी ये, आपण हरकतीचा मसुदा करू. येताना त्या बायांची यादी आण, आणि तुझी वही.

तुझे गुरुजी