‘असिमिलेशनिस्ट’ला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न असा आहे: लॉरेन हॅन्सबेरीच्या ‘अ रेझिन इन द सन’ या नाटकातल्या ‘असिमिलेशनिस्ट’साठी ‘समावेशक’ चालेल का?

नाही चालणार. समावेशक म्हणजे इतरांना सामावून घेणारा. इथे रोख आहे दुसऱ्यात सामावून जाणाऱ्यावर.

नाटकात हा शब्द कसा हिंडतो ते पाहण्यासारखं आहे. 1959मध्ये न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर आलेलं हे नाटक शिकागोतल्या कृष्णवर्णीय यंगर कुटुंबाचं. कृष्णवर्णीय स्त्रीने लिहिलेलं ब्रॉडवेवरचं हे पहिलंच नाटक. घरातली बनीथा डॉक्टर व्हायला निघाली आहे. नायजेरियाचा असागाई तिच्या सरळ करून घेतलेल्या केसांवरून तिला टोकतो आणि तुमच्या देशात ‘असिमिलेशनिझम’ फार लोकप्रिय आहे, असं सुनावतो. मी तशी नाही, म्हणून ती उसळते. पुढे ती केस बारीक कापून मूळचे कुरळे ठेवते आणि तोच शब्द श्रीमंत घरच्या जॉर्जवर फेकते. वहिनी रूथला त्याचा अर्थ कळत नाही, धड उच्चारताही येत नाही. जॉर्ज म्हणतो, कॉलेजातल्या मुलींची ही ‘अंकल टॉम’ (गोऱ्यांपुढे लाचारीने झुकणारा कृष्णवर्णीय) म्हणण्याची तऱ्हा, पण खरा अर्थ तो नव्हे. बनीथा त्याला तोडून सांगते: आपली संस्कृती टाकून वरचढ, आणि इथे तर दडपणाऱ्या, संस्कृतीत पुरतं बुडून जायला राजी असलेला माणूस.

म्हणून ‘लाचार’, ‘हुजऱ्या’ हे शब्दही बाद. ते स्वभावावर बोट ठेवतात. जॉर्ज लाचार नाही. कसं जगावं याबद्दलची त्याची ती भूमिका आहे. या प्रवेशात एकही गोरं पात्र नाही. हॅन्सबेरीने मतभेद घरातल्या बैठकीतच पेटवला, आणि ही तिची ताकद मला फार मोठी वाटते.

‘विलीनवादी’ अर्थाने सर्वांत जवळचा. पण विलीनीकरण म्हटलं की गोव्यातल्या वाचकाला महाराष्ट्रात विलीन व्हायचं की नाही यावरचा 1967चा जनमत कौल आठवणार. माझी पसंती ‘सात्मीकरणवादी’ला; सात्मीकरण म्हणजे दुसऱ्यात मिसळून एकरूप होणं. शब्द जड आहे, पण बनीथाच्या तोंडी तो जडच हवा. मग रूथ सहज विचारू शकते, “हे सात्मी… काय गं ते?” व्याख्येच्या वाक्यात मात्र साधं ‘बुडून जाणं’ ठेवा. आणि संवादातला ‘निग्रो’ बदलू नका, तो त्या काळाचा आहे.