भुलेश्वरच्या चढावर उतरलं तरी चालतं

मागच्या अंकात पुरंदर-बारामतीकडच्या जुन्या देवळांच्या सायकल सहलीबद्दल लिहिलं, त्यावर बरीच पत्रं आली. ज्यांनी तो अंक पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. शाळेत इतिहास शिकवून निवृत्त झाल्यापासून हिवाळ्यात दहा-बारा जणांना घेऊन मी ही फेरी करते. यवतहून निघायचं, भुलेश्वर बघून माळशिरसला उतरायचं (हे पुरंदरातलं माळशिरस, सोलापूरकडचं नव्हे), पांडेश्वर करून मोरगावला मुक्काम. दुसऱ्या दिवशी लोणी भापकर बघून परत मोरगावमार्गे जेजुरी. रोजचे पस्तीस-चाळीस किलोमीटर होतात.

प्रश्न : मी ५४ वर्षांची आहे. कॉलेजनंतर सायकलला हात लावलेला नाही. नवरा म्हणतो, सगळी तरुण पोरं असतील, तू मागे पडशील आणि सगळ्यांचा खोळंबा करशील. येऊ का? (एक वाचक, चिंचवड)

या. आणि मागे पडाल, हेही खरं. माझ्या सहलीत मीच सगळ्यात मागे असते. वाट दाखवणारा पुढे पळत असेल तर मागच्याचं पंक्चर काढणार कोण? कुठल्याही सहलीचे पैसे भरण्याआधी एवढं एकच विचारा, 'शेवटच्या माणसासोबत कोण असतं?' उत्तर देताना समोरचा अडखळला, तर पैसे जपून ठेवा.

आता अंतराचं. चाळीस किलोमीटर हा आकडा ऐकायला मोठा वाटतो, पण तो सकाळी साडेसहा ते संध्याकाळी पाच एवढ्या वेळात विभागलेला असतो. मध्ये देवळं, चहा, पिठलं-भाकरी आणि झाडाखालची अर्ध्या तासाची डुलकी येते. खरा चढ एकच, भुलेश्वरचा. यवतपासून आठ-दहा किलोमीटर जायचं आणि त्यातला शेवटचा टप्पा डोंगरावर. तिथं मी स्वतः उतरून चालते. पहिल्या वर्षी लाज वाटायची. आता एक वळण आलं की आपोआप पाय खाली टेकतो, आणि माझ्याबरोबरचे तिशीतले दोघं-तिघं 'बाई उतरल्या' म्हणून सुटकेचा श्वास टाकत उतरतात.

महिनाभर आधीपासून एक दिवसाआड दहा-बारा किलोमीटर चालवा. पायांची काळजी नको, त्यांना सवय होते. त्रास होतो तो बसायच्या जागेला. सीट जास्तीत जास्त मऊ असली म्हणजे बरं, हा गैरसमज आहे. फार मऊ सीटमध्ये माणूस रुततो आणि घासतो. पॅड असलेली सायकलिंगची चड्डी घ्या, तिच्या आत दुसरं काही घालू नका, आणि वरून सैल सलवार. देवळात शिरताना हीच सलवार कामी येते. पुरुषांनी एक पंचा जवळ ठेवावा. चिकट काळ्या चड्डीत गाभाऱ्यासमोर उभं राहिलेलं गुरवांना आवडत नाही, आणि खरं सांगायचं तर मलाही नाही.

नवऱ्यालाही घेऊन या. खोळंबा कोण करतं ते तिथंच कळेल.

प्रश्न : नकाशा फोनवर आहे, देवळांची माहितीही फोनवर आहे. मग मार्गदर्शकाला पैसे कशाला द्यायचे? शिवाय 'हेमाडपंती देऊळ आहे' एवढं तर गावातला कुणीही सांगतो. (एक वाचक, नाशिक)

गावातला कुणीही सांगतो, आणि तिथंच घोळ आहे. चुन्याशिवाय, दगडात दगड खाचेनं बसवलेलं कुठलंही काळं देऊळ दिसलं की आपण 'हेमाडपंती' म्हणून मोकळे होतो. हेमाद्री पंडित, म्हणजेच हेमाडपंत, हा देवगिरीच्या महादेव आणि रामचंद्र या यादव राजांचा मंत्री, म्हणजे तेराव्या शतकाच्या उत्तरार्धातला. आणि अंबरनाथच्या शिवमंदिरातल्या शिलालेखात शके ९८२ आहे, म्हणजे इ.स. १०६०. हेमाडपंत जन्माला यायच्या आधीची कित्येक देवळं आपण त्याच्या नावावर टाकली आहेत. तुमच्या जिल्ह्यातलं सिन्नरचं गोंदेश्वरही त्यातच जातं. ते भूमिज शैलीचं पंचायतन आहे. मधल्या देवळाभोवती चार छोटी देवळं, आणि शिखरावर त्याच शिखराच्या चिमुकल्या प्रतिकृती ओळीनं रचलेल्या. एकदा हे कळलं की सिन्नरच्या चौथऱ्यावरून नजर खाली उतरत नाही.

फोन असूनही माणूस का लागतो, ते भुलेश्वरला कळतं. बाहेरून ते देवळासारखं दिसतच नाही. उंच भिंती, घुमट, चुन्याचं काम. नवखा माणूस विचारतो, 'देऊळ कुठंय?' आदिलशाही सरदार मुरार जगदेवानं १६३०च्या सुमारास पुणं बेचिराख केलं आणि या डोंगरावर दौलतमंगळ किल्ला बांधला, त्याचे बुरूज आजही वाटेत दिसतात. देऊळ त्याच्याही आधीचं, यादवकाळातलं. वरचा चुन्याचा साज बराच नंतरचा. दारातून आत गेलं की समोर भिंत येते, आणि बाजूला अंधारा, अरुंद जिना. त्या जिन्यात मी सगळ्यांना दोन मिनिटं गप्प उभं करते. टॉर्च बंद. डोळे अंधाराला सरावले की मगच वर. एकदम टॉर्च मारत गेलात तर फक्त टॉर्चच्या गोलात येईल तेवढंच दिसतं.

वर नंदी, आणि भिंतींवर हत्ती, स्त्रिया, महाभारतातले प्रसंग. बहुतेक चेहरे फोडलेले. पण शिल्पकारानं मनगट कसं वळवलंय, नेसणीची चुणी कशी पाडलीय हे चेहऱ्याशिवायही वाचता येतं. मग मी मान वर करायला सांगते. वरच्या पट्ट्यात वैनायकी बसली आहे, बाईच्या रूपातला गणपती. खाली उंदीर. न सांगता ती सापडलेला माणूस मला इतक्या वर्षांत एकच भेटला, आणि तो सातवीतला मुलगा होता. कंटाळून जमिनीवर उताणा पडला होता.

पिंडीखालच्या पोकळीत पेढे ठेवले की त्यातले काही नाहीसे होतात, ही इथली प्रसिद्ध गोष्ट. त्याचं कारण मला विचारू नका. गुरवांना विचारा, ते छान सांगतात.

प्रश्न : या सहलीसाठी कुठली सायकल घेऊ? बजेट चाळीस हजार. (एक वाचक, ठाणे)

घेऊ नका. पहिल्या दोन-तीन सहली भाड्याच्या सायकलवर करा. गिअरची, रुंद टायरची कुठलीही चालते.

चाळीस हजारांपेक्षा महत्त्वाचे म्हणजे जादा ट्यूब, टायर काढायच्या दोन प्लॅस्टिकच्या पट्ट्या आणि छोटा पंप. आमच्याकडे रस्त्याच्या दोन्ही कडेला बाभळी. एकदा पांडेश्वरला ऊन फार म्हणून मी बारा सायकली मोठ्या प्रेमानं बाभळीच्या सावलीत लावायला सांगितल्या. कऱ्हा नदीच्या काठावरचं ते विटांचं देऊळ बघून तासाभरानं आलो, तर सात सायकली बसलेल्या. पंप एकच. तेव्हापासून सावली नसली तरी चालेल, पण बाभूळ नको, असा माझा नियम आहे. चाकाला काटा दिसला तर ओढून काढण्याआधी थांबा. तो तिथं असेपर्यंत निदान हवा धीरानं जाते. काढलात की फुस्स.

प्रश्न : आम्ही जर्मनीत असतो. मुलं १० आणि १३ वर्षांची. सुट्टी मे महिन्यात मिळते. तेव्हा ही सहल जमेल का? (एक वाचक, म्युनिक)

मे महिन्यात नाही. या भागात तेव्हा सकाळी दहानंतर सायकल चालवणं म्हणजे मुलांना सायकलची कायमची नावड लावणं. देवळाच्या फरशीवर अनवाणी पाय टेकवत नाहीत. नाताळच्या सुट्टीत या. ज्वारी उभी असते, हरभऱ्याचे घाटे असतात, आणि नशीब असलं तर कुणीतरी हुरड्याला बसवतं.

हिवाळ्यातला धोका एकच, तो मुलांना आधीच सांगून ठेवा. तेव्हा उसाचा हंगाम असतो. ट्रॅक्टरला मागे दोन ट्रॉल्या, वरून ऊस बाहेर आलेला, आणि गाणी इतकी मोठ्यानं की ड्रायव्हरला तुमची घंटाच काय, स्वतःचं इंजिनही ऐकू येत नसेल. पुढची ट्रॉली गेली म्हणून पोरं परत रस्त्यावर येतात आणि दुसरी ट्रॉली विसरतात. ट्रॅक्टर दिसला की खाली उतरून कडेला उभं राहायचं. वाद नाही.

मुलांना आवडेल ते लोणी भापकर. मल्लिकार्जुनाचं देऊळ, बांधीव पुष्करणी, आणि तिच्याजवळ दगडाचा यज्ञवराह, म्हणजे वराहाच्या रूपातला विष्णू. त्याच्या अंगावर झूल आहे आणि झुलीवर विष्णूच्या चिमुकल्या मूर्ती ओळींनी कोरल्या आहेत. मुलांना मोजायला बसवा, तेवढा वेळ तुम्ही निवांत. परिसरातल्या गावांत वीरगळही आहेत, म्हणजे लढताना पडलेल्या वीरांच्या आठवणीसाठी कोरलेल्या शिळा. ते खालून वर वाचायचे. तळाला लढाई किंवा पडलेला वीर, त्याच्यावर त्याला स्वर्गात नेणाऱ्या अप्सरा, आणि सगळ्यात वर तो शिवलिंगाची पूजा करताना, बाजूला चंद्र-सूर्य. तळाच्या चौकटीत गायी कोरलेल्या दिसल्या तर तो माणूस गावची गुरं राखताना गेला. माझ्या अनुभवात मुलांना हे चित्रकथेसारखं वाचता येतं. मोठी माणसं मात्र आधी वरचा चंद्र-सूर्य बघतात आणि गोंधळतात.

प्रश्न : गावात गेल्यावर लोक चहा देतात, पैसे घेत नाहीत. मग परतफेड कशी करायची? मुलांना चॉकलेटं, वह्या वाटल्या तर? आणि फोटो काढले तर चालतं का? (एक वाचक, पणजी)

चॉकलेटं वाटू नका. एका गटानं असं केलं होतं. पुढच्या हिवाळ्यात आम्ही वेशीत शिरलो तर पोरं 'राम राम' म्हणायचं सोडून हात पुढे करून धावत आली. मला ते फार लागलं. ती माझ्याच शाळेत बसली असती, अशा वयाची पोरं.

चहा घ्या. दुसरा कप नको असेल तर कप उपडा घालू नका, 'मावशी, पोट भरलं' म्हणा. जेवण सांगितलं असेल तर त्याचे ठरलेले पैसे द्या, घासाघीस करू नका. भाजी, गूळ, शेंगा, फेब्रुवारी-मार्चात पुरंदरचे अंजीर, जे काही विकायला असेल ते तिथंच विकत घ्या. पाराजवळून जाताना सायकलवरून उतरा. बसलेल्या माणसांना वरून बघत राम राम करायचा नसतो. आणि एखाद्या वाड्यापुढे मांडव दिसला तर तो लग्नाचा की दहाव्याचा, हे लांबूनच विचारून घ्या. मी एकदा विचारलं नव्हतं.

फोटो विचारून काढा आणि कबूल केलात तर पोचवा. फोनवर पाठवणं वेगळं. म्हाताऱ्या माणसांना कागदावरचा हवा असतो. माळशिरसच्या पुढे एका वस्तीवर एका आजींनी गोठ्यासमोर उभं राहून माझ्याकडून फोटो काढून घेतला. मी वर्षभरानं तो धुऊन, चांगला मोठा करून घेऊन गेले. आजींनी चष्मा लावला, फोटो लांब धरला, जवळ धरला, आणि म्हणाल्या, "अगं, म्हैस कुठाय? म्हशीचा काढ म्हनलं व्हतं मी."